‘गं’ या बीजाचे ध्वनिवर्णन : लेण्याद्रीच्या परिसरातील एका ग्रंथाचा भाषाशास्त्रीय विचार

१. विषयप्रवेश

पुणे जिल्ह्याच्या उत्तरेस जुन्नर आणि आंबेगाव हे दोन तालुके एकमेकांस लागून आहेत. पहिल्यातून कुकडी वाहते, दुसऱ्यातून घोड. अष्टविनायकांपैकी दोन स्थाने, लेण्याद्रीचा गिरिजात्मज आणि ओझरचा विघ्नेश्वर, जुन्नर तालुक्यात आहेत. या दोन्ही देवळांत, आणि भाद्रपद चतुर्थीस दोन्ही तालुक्यांतील अनेक घरांत, एक छोटासा संस्कृत ग्रंथ म्हटला जातो. त्याचे नाव गणपत्यथर्वशीर्ष. महाराष्ट्रात या ग्रंथाइतके पाठांतरात असलेले दुसरे उपनिषद बहुधा नसेल.

या ग्रंथाच्या मध्यभागी ‘गं’ या एकाक्षरी मंत्राचे वर्णन आहे. त्या अक्षराचे घटक कोणते, त्यांचा क्रम कसा, ते कशाने जोडले जातात, हे तेथे पारिभाषिक शब्दांत सांगितले आहे. देवतेच्या स्तुतिपर ग्रंथात एका अक्षराचे असे विश्लेषण आढळावे, ही भाषेच्या अभ्यासकाने लक्ष द्यावे अशी गोष्ट होय. परंतु या भागाविषयी जे बोलले जाते त्यात तीन भिन्न प्रश्न एकमेकांत मिसळलेले असतात. हा ग्रंथ किती जुना, हा पहिला. त्यात वापरलेली परिभाषा किती जुनी, हा दुसरा. आणि त्यात ध्वनीविषयी जे सांगितले आहे ते खरे आहे काय, हा तिसरा. ग्रंथ प्राचीन आहे म्हणून त्यातील विधान खरे, असे एक पक्ष म्हणतो; ग्रंथ अर्वाचीन आहे म्हणून त्यातील विधान पोकळ, असे दुसरा. दोन्ही पक्षांची चूक एकच आहे. पहिल्या प्रश्नाचे उत्तर ते तिसऱ्या प्रश्नास देतात. या तीन प्रश्नांची उत्तरे वेगवेगळ्या साधनांनी मिळतात, आणि ती वेगवेगळी येतात, हे प्रस्तुत लेखात दाखवावयाचे आहे.

२. ग्रंथाचे नाव आणि काळ

ग्रंथाच्या नावात ‘अथर्व’ हा शब्द आहे आणि ग्रंथ स्वतःस अथर्वण वाक्य म्हणवितो. त्याचा ऋषी गणक, छंद निचृद्गायत्री आणि देवता गणपती, असा निर्देशही तो वैदिक सूक्तांच्या परिपाठीस अनुसरून करतो. तथापि अथर्ववेदाच्या संहितेत हा पाठ नाही. मुक्तिकोपनिषदातील एकशे आठ उपनिषदांच्या यादीत त्याचा समावेश ८९ व्या क्रमांकावर आहे. ही यादीच उत्तरकालीन आहे. गाणपत्य संप्रदायाच्या आधुनिक अभ्यासकांपैकी पॉल कोर्टराइट यांनी या ग्रंथाचा काळ सोळावे किंवा सतरावे शतक असा मानला आहे.

बाह्य पुराव्यास अंतर्गत पुराव्याची जोड मिळते. या ग्रंथात गणपतीस मूलाधारात स्थित म्हटले आहे. चक्रांची ही कल्पना योग आणि तंत्र यांच्या वाङ्मयातील आहे, प्राचीन उपनिषदांतील नव्हे. वाणीच्या चार पदांचा उल्लेख मात्र खरोखरच प्राचीन आहे. त्याचे मूळ ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातील १६४ व्या सूक्तात सापडते. तेथे ही चार पदे कोणती हे सांगितलेले नाही. भर्तृहरीने पश्यंती, मध्यमा आणि वैखरी अशी तीन रूपे मांडली. परा ही चौथी वाणी पुढे शैव तत्त्वज्ञांनी ठामपणे प्रस्थापित केली. ज्ञानदेवांच्या अमृतानुभवात चारही वाचांचा विचार येतो, त्या वेळी ही व्यवस्था मराठी प्रदेशात रुळलेली होती.

गणपती आणि ओंकार यांचे ऐक्यही महाराष्ट्रात या ग्रंथाच्या मानलेल्या काळापूर्वीच सुपरिचित होते. शके १२१२ म्हणजे इ. स. १२९० मध्ये सिद्ध झालेल्या ज्ञानेश्वरीच्या आरंभी अकार हे गणेशाचे चरण, उकार हे उदर आणि मकार हे मस्तक असे रूपक आहे. अर्थात अक्षराचे अवयव पाडून त्यांत देवतेचे रूप पाहण्याची रीत अथर्वशीर्षाने निर्माण केली नाही. त्याने ती ओंकारावरून ‘गं’ या बीजाकडे नेली.

तेव्हा पहिल्या प्रश्नाचे उत्तर असे की, ग्रंथ स्वतःस ज्या काळाचा म्हणवितो त्या काळाचा तो नाही. प्राचीनतेचे नाव धारण करणारा तो उत्तरकालीन ग्रंथ आहे. भारतीय परंपरेत ही गोष्ट विरळा नाही आणि तीत फसवणुकीचा हेतू गृहीत धरण्याचे कारण नाही. नव्या उपासनेस जुन्या शाखेचे नाव देणे हा त्या उपासनेस परंपरेत स्थान मिळवून देण्याचा मान्य मार्ग होता.

३. वर्णनाची चौकट

आता दुसरा प्रश्न. ‘गं’ या बीजाचे वर्णन करताना ग्रंथकार गकारास पूर्वरूप, अकारास मध्यमरूप, अनुस्वारास अंत्यरूप आणि बिंदूस उत्तररूप म्हणतो. नाद हे संधान आणि संहिता हा संधी असेही सांगतो. यांपैकी पूर्वरूप, उत्तररूप, संधी आणि संधान हे चार शब्द एकत्र येतात ते स्थान संस्कृताच्या अभ्यासकांस परिचित आहे. ते म्हणजे तैत्तिरीय उपनिषदाची शिक्षावल्ली.

शिक्षावल्लीच्या आरंभी शिक्षा या वेदांगाचे विषय सांगितले आहेत : वर्ण, स्वर, मात्रा, बल, साम आणि संतान. त्यानंतर संहितेचे, म्हणजे दोन वर्णांच्या निकट सान्निध्याचे, रहस्य पाच प्रकारे उलगडले आहे. पृथ्वी पूर्वरूप, द्युलोक उत्तररूप, आकाश संधी आणि वायू संधान, हा पहिला प्रकार. आचार्य पूर्वरूप, शिष्य उत्तररूप, विद्या संधी आणि प्रवचन संधान, हा आणखी एक. शेवटचा प्रकार देहाविषयी आहे : खालचा जबडा पूर्वरूप, वरचा जबडा उत्तररूप, वाणी संधी आणि जिव्हा संधान. यातील व्यवस्था अगदी स्पष्ट आहे. दोन पदार्थ, त्यांच्या मधली जागा आणि त्या जागेत त्यांस जोडणारे साधन, असे चार घटक. हे वर्णन मुळात दोन शब्दांच्या सांध्याचे आहे. पदपाठातून संहितापाठाकडे जाताना पाठकास ज्या प्रश्नास तोंड द्यावे लागते त्यातून ते निघाले आहे. ऐतरेय आरण्यकातही संहितेचे असेच विवेचन आढळते.

अथर्वशीर्षाच्या कर्त्याने ही चौकट उचलली आणि दोन शब्दांच्या सांध्याऐवजी एकाच अक्षराच्या अंतर्भागास लावली. तसे करताना त्यास दोन रूपे पुरली नाहीत. पूर्व आणि उत्तर यांच्यामध्ये त्याने मध्यम आणि अंत्य अशी आणखी दोन रूपे घातली. शब्द जुने, रचना नवी, असे या भागाचे स्वरूप आहे. कर्ता वैदिक शिक्षेच्या परंपरेशी परिचित होता, एवढे यावरून निश्चित म्हणता येते. ग्रंथ उत्तरकालीन असला तरी त्यातील परिभाषेचे मूळ फार जुने आहे.

४. अनुस्वाराची अडचण

परंतु ही परिभाषा अथर्ववेदाची आहे काय? येथे एक छोटा पण निर्णायक पुरावा हाती येतो, आणि तो अनुस्वाराचा आहे.

अनुस्वार म्हणजे नेमका कोणता ध्वनी, याविषयी प्राचीन ध्वनिशास्त्रज्ञांत एकमत नव्हते. ऋक्प्रातिशाख्याने त्यास स्वर किंवा व्यंजन यांपैकी काहीही मानण्यास मुभा दिली. पाणिनीने मकाराच्या जागी व्यंजनापूर्वी अनुस्वार सांगितला आणि त्यापुढे स्पर्श किंवा अंतःस्थ आल्यास त्याचे परसवर्णात रूपांतर सांगितले. मात्र पदाच्या अंती हे रूपांतर वैकल्पिक ठेवले. अथर्ववेदाचे जे प्रातिशाख्य शौनकीया चतुराध्यायिका या नावाने ओळखले जाते आणि ज्याची आवृत्ती व्हिटनी यांनी १८६२ मध्ये प्रसिद्ध केली, ते अनुस्वार हा स्वतंत्र वर्णच मानत नाही. त्याच्या मते अशा ठिकाणी असतो तो अनुनासिक स्वर.

याचा अर्थ असा की, जो ग्रंथ स्वतःस अथर्वण म्हणवितो तो आपल्या मध्यवर्ती वर्णनात अशा वर्णास ‘अंत्यरूप’ म्हणतो की ज्याचे स्वतंत्र अस्तित्व अथर्ववेदाच्या उपलब्ध ध्वनिग्रंथास मान्य नाही. ग्रंथाचे नाव एका शाखेचे, चौकट तैत्तिरीयांची आणि वर्णव्यवस्था सर्वसाधारण व्याकरणपरंपरेची, असे हे मिश्रण आहे. ग्रंथाच्या काळाविषयी वर जे म्हटले त्यास हा पुरावा स्वतंत्रपणे दुजोरा देतो.

अनुस्वाराची ही अडचण केवळ पोथीतील नाही. आजच्या उच्चारातही ती जिवंत आहे. ‘गं’ हे बीज ‘गणपतये’ या शब्दापूर्वी सलग म्हटले असता बहुतेक पाठकांच्या मुखातून ‘गङ्’ असा उच्चार निघतो, कारण पुढच्या गकारासाठी जिभेचा मागचा भाग आधीच टाळूस लागू लागतो. तेच बीज एकटे म्हणून थांबले असता ओठ मिटतात आणि ‘गम्’ ऐकू येते. ओठ न मिटता नासिक्य स्वर लांबविणारे पाठकही असतात. पाणिनीच्या वैकल्पिक नियमात यांपैकी पहिल्या उच्चारास जागा आहे, विरामात मकार राहतो म्हणून दुसऱ्यासही आहे, आणि तिसरा चतुराध्यायिकेच्या मताशी जुळतो.

मराठी भाषकास येथे आणखी एक गंमत ध्यानात येईल. हेच लिखित रूप मराठीत स्त्रीस संबोधताना वापरतात. आंबेगावच्या शेतात एक बाई दुसरीस ‘ये गं’ म्हणून हाक मारते तेव्हा तिच्या उच्चारात नासिक्य ध्वनी नसतो. असतो तो लांबविलेला अकार. ‘केलं’, ‘झालं’ यांतील अनुस्वारही असाच दीर्घत्वाची खूण म्हणून उरला आहे. मराठी साहित्य महामंडळाच्या १९६२ च्या लेखननियमांनी अनुच्चारित अनुस्वार मोठ्या प्रमाणावर काढून टाकले, पण बोलीतील या रूपांवरचा टिंब राहिला. एकाच घरात, एकच बाई, सकाळी पाठात ‘गं’ वाचताना नाकातून उच्चार करते आणि दुपारी लेकीस हाक मारताना करीत नाही. लिहिलेले अक्षर आणि उच्चारलेला ध्वनी यांतील अंतर याहून सोप्या रीतीने दाखविता येणार नाही.

५. नाद हेच संधान

आता तिसरा प्रश्न : ग्रंथातील ध्वनिवर्णन खरे आहे काय? त्यातील ‘नाद हे संधान’ हा भाग तपासण्याजोगा आहे.

नाद हा शब्द ऐकताच आज मनात येतो तो अनाहत नाद, योग्यास समाधीत ऐकू येणारा. शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात, देवगिरीच्या यादव सिंघणाच्या आश्रयाने लिहिलेल्या संगीतरत्नाकरात नादाचे आहत आणि अनाहत असे दोन भेद सांगितले आहेत. मराठी प्रदेशात या कल्पनेचा जो प्रसार झाला त्यामागे योगपरंपरा आणि संगीतशास्त्र ही दोन्ही आहेत. परंतु या शब्दाचा त्याहून जुना, पूर्णपणे शारीरिक अर्थ प्रातिशाख्यांत आहे. तैत्तिरीय प्रातिशाख्य सांगते की, कंठ संवृत असता नाद उत्पन्न होतो आणि विवृत असता श्वास. मधल्या अवस्थेत हकार. ‘ग’, ‘द’, ‘ब’ यांचा उपादान नाद, तर ‘क’, ‘त’, ‘प’ यांचा श्वास. आधुनिक परिभाषेत यासच सघोष आणि अघोष म्हणतात. कंठातील स्वरतंतू जवळ येऊन कंप पावतात तेव्हा घोष होतो, दूर राहिले तर होत नाही. एकोणिसाव्या शतकात युरोपातील अभ्यासकांना हा भेद नेमका समजण्यास भारतीय ग्रंथांची मोठी मदत झाली, ही भाषाशास्त्राच्या इतिहासातील मान्य गोष्ट आहे. डब्ल्यू. एस. ॲलन यांनी १९५३ मध्ये प्राचीन भारतीय ध्वनिविचारावर लिहिलेल्या ग्रंथात तिचे साधार विवेचन आहे.

हा अर्थ मनात धरून ‘गं’ कडे पाहावे. गकार सघोष स्पर्श आहे. अकार स्वर असल्यामुळे सघोषच. अनुस्वार, मग तो ‘ङ्’ उच्चारा, ‘म्’ उच्चारा किंवा अनुनासिक स्वर म्हणून उच्चारा, तोही सघोष. जिभेची स्थिती बदलते, पडजीभ खाली येऊन नाकाचा मार्ग मोकळा होतो, कदाचित ओठ मिटतात. पण या सर्व बदलांखाली स्वरतंतूंचा कंप आरंभापासून अंतापर्यंत अखंड चालू राहतो. पूर्वरूप, मध्यमरूप आणि अंत्यरूप यांस जोडणारे जे एक आहे ते नाद. अर्थात ‘नाद हे संधान’ हे विधान, नाद या शब्दाच्या प्राचीनतम पारिभाषिक अर्थाने घेतले असता, अक्षरशः खरे आहे.

याची परीक्षा कोणासही करता येईल. कंठावर बोटे ठेवून ‘गं’ सावकाश म्हणावे. बोटांस लागणारा कंप मध्ये कोठेही तुटत नाही. त्यानंतर ‘क्लीं’ किंवा ‘श्रीं’ म्हणावे. पहिल्याच्या आरंभी ककार आणि दुसऱ्याच्या आरंभी शकार अघोष असल्यामुळे कंप उशिरा सुरू होतो. तेथे ‘नाद हे संधान’ असे म्हटले असते तर ते पहिल्या वर्णास लागू पडले नसते. तैत्तिरीय उपनिषदात संधानाच्या जागी वायू होता; येथे नाद आला. शिक्षाग्रंथांच्या मते देहातील वायूच नादरूप होतो, हे लक्षात घेतले तर हा बदल किती स्वाभाविक आहे हेही कळते.

कर्त्याच्या मनात हाच शारीरिक अर्थ होता असे मात्र या युक्तिवादावरून सिद्ध होत नाही. त्याच्या काळी नाद या शब्दावर योगाचा अर्थ केव्हाच चढलेला होता, आणि मूलाधाराचा उल्लेख करणाऱ्या लेखकास तो अभिप्रेत असणे अधिक संभवनीय आहे. म्हणावयाचे ते एवढेच की, प्राचीन ध्वनिशास्त्रज्ञांनी कंठाचे निरीक्षण करून जो शब्द घडविला त्यात ते निरीक्षण टिकून राहिले. शब्द उपासनेत गेला तरी त्याच्या पोटातील सत्य त्याच्याबरोबर गेले.

६. बिंदू, अर्धेंदू आणि लिपी

या वर्णनाचा एक भाग मात्र ध्वनीचा नाही. बीज अर्धचंद्राने शोभणारे आहे असे ग्रंथ म्हणतो आणि उत्तररूप म्हणून बिंदू सांगतो. अनुस्वार अंत्यरूप म्हणून आधीच आला असता बिंदू पुन्हा वेगळा कशास? ध्वनीच्या दृष्टीने याचे उत्तर मिळत नाही; डोळ्यांच्या दृष्टीने मिळते. बिंदू म्हणजे टिंब आणि अर्धेंदू म्हणजे त्याखालची चंद्रकोर. ही दोन्ही लिपीतील चिन्हे होत. तांत्रिक परंपरेने त्यांस ध्वनीच्या सूक्ष्म अवस्थांची नावे म्हणून स्वीकारले आणि बिंदू, अर्धचंद्र, नाद अशी चढती श्रेणी रचली. परंतु आकारावरून नाव पडावयास आकार आधी पाहिलेला असावा लागतो. केवळ ध्वनीचा म्हणून गौरविलेला हा मंत्र लिहिलेल्या अक्षराकडे पाहून वर्णिलेला आहे.

लिपीच्या इतिहासाचा विचार करण्यास जुन्नरसारखे दुसरे ठिकाण क्वचितच सापडेल. तालुक्याच्या पश्चिमेस नाणेघाटातील लेण्यात सातवाहनांचा जो ब्राह्मी लेख आहे तो सामान्यतः इ. स. पूर्व पहिल्या शतकातील मानतात. राणी नागनिकेशी निगडित असलेल्या या लेखात केलेल्या यज्ञांची आणि दिलेल्या दक्षिणांची मोजदाद अंकांसह दिली आहे. भाषा प्राकृत आहे : अश्वमेध तेथे ‘असमेध’ होतो आणि यज्ञ ‘यंञ’. या शेवटच्या रूपात अनुस्वाराचे टिंब ब्राह्मी लिपीत कोरलेले आहे. वैदिक यज्ञ करणारे राजकुल आपल्या यज्ञांची नोंद प्राकृत उच्चारात ठेवते, ही गोष्टही मननीय आहे. खुद्द लेण्याद्रीस, गिरिजात्मजाच्या शेजारच्या चैत्यगृहात, कल्याणच्या सुलसदत नावाच्या दात्याचा लेख आहे. त्यात दानास ‘देयधम’ म्हटले आहे. उच्चारातील जोडमकार लिहिलेला नाही.

तेव्हा बिंदू हे चिन्ह दोन हजार वर्षांपूर्वी या परिसरात कोरले जात होते. चंद्रकोरीसह असलेला बिंदू त्या लिपीत नाही. ‘अर्धेंदू’ हा शब्द नंतरच्या लेखनपद्धतीचा साक्षीदार आहे. ग्रंथाच्या काळाविषयीच्या पुराव्यात ही आणखी एक भर.

७. लेण्यातील अनुभव

ग्रंथात नसलेल्या गोष्टीही त्याच्या नावावर सांगितल्या जातात. ‘गं’ या ध्वनीची एक विशिष्ट कंपनसंख्या आहे आणि तिचा देहावर ठराविक परिणाम होतो, असे विधान अलीकडे वारंवार ऐकू येते. ग्रंथात कंपनसंख्येचा उल्लेख नाही, असणे शक्यही नव्हते. फलश्रुतीत जे सांगितले आहे ते वेगळेच आहे : या पाठाने गणपतीस अभिषेक करणारा वक्ता होतो, चतुर्थीस उपवास करून जप करणारा विद्वान होतो. ग्रंथ वाणी आणि विद्या यांचे वचन देतो.

शिवाय त्या विधानात शास्त्रीय दोष आहे. स्वरतंतूंच्या कंपाची संख्या अक्षरावर नव्हे, तर बोलणाऱ्यावर आणि त्याच्या सुरावर अवलंबून असते. प्रौढ पुरुषाच्या साध्या बोलण्यात ती सेकंदास सुमारे १०० ते १५०, स्त्रीच्या सुमारे १८० ते २५० असते आणि लहान मुलांत त्याहूनही अधिक. आजोबा, आई आणि नात एकत्र बसून ‘गं’ म्हणतात तेव्हा तीन निरनिराळ्या कंपनसंख्या ऐकू येतात, तरी तिघांचे अक्षर एकच असते. अक्षराची ओळख त्याच्या उच्चारणस्थानात आणि प्रयत्नात आहे. हे प्रातिशाख्यकारांस ठाऊक होते, म्हणूनच त्यांनी वर्णांचे वर्गीकरण स्थान आणि करण यांवरून केले.

तथापि लेण्याद्रीस जाऊन आलेला भाविक ‘तेथे अंग भरून ध्वनी लागतो’ असे सांगतो तेव्हा तो काल्पनिक गोष्ट सांगत नसतो. गिरिजात्मजाचे स्थान म्हणजे मूळचा बौद्ध विहार. सुमारे तीनशे पायऱ्या चढून गेल्यावर वीस खोल्यांनी वेढलेल्या, मध्ये एकही खांब नसलेल्या विस्तीर्ण दालनात माणूस येतो. छत, भिंती आणि भूमी एकाच कातळाची. कातळ ध्वनी फारसा शोषून घेत नाही. तो परत फेकतो. त्यामुळे ध्वनी बंद झाल्यावरही काही काळ दालनात घुमत राहतो, आणि लांबविलेल्या नासिक्य वर्णातील खालच्या पट्टीची ऊर्जा या घुमण्यास विशेष अनुकूल असते. अनेक जण एकत्र पाठ करीत असता एकाचा अनुस्वार दुसऱ्याच्या गकारात मिसळतो आणि संधान खरोखरच दालनभर पसरते. अनुभव खरा आहे; त्याचे कारण अक्षर, कंठ आणि कातळ या तिहींच्या संयोगात आहे.

८. उच्चाराचा अधिकार

ध्वनीचे सामर्थ्य मानले की लगेच दुसरा प्रश्न उभा राहतो : तो उच्चारण्याचा अधिकार कोणाचा? हे अथर्वशीर्ष अशिष्यास देऊ नये, असा निर्बंध ग्रंथातच आहे. याच जुन्नर तालुक्यात आळे या गावी एका रेड्याची समाधी आहे. ज्ञानदेवांनी पैठणास ज्याच्या मुखातून वेद वदविले तो हा रेडा, अशी श्रद्धा आहे. ही आख्यायिका इतिहास म्हणून तपासण्याची नव्हे. पण तिने विचारलेला प्रश्न फार खरा आहे. वेदाचे पावित्र्य ध्वनीत असेल, तर ज्याच्या मुखातून तो ध्वनी शुद्ध निघतो त्यास अधिकार नाही असे कशाच्या बळावर म्हणावयाचे? ओतूरला समाधी असलेल्या बाबाजी चैतन्यांनी तुकोबांस स्वप्नात मंत्र दिला तो कोणासही म्हणता येईल असा, सोपा आणि उघडा होता. आळे आणि ओतूर या दोन्ही गावांच्या स्मृतीत एकच उत्तर साठविलेले दिसते.

काळाने अथर्वशीर्षाच्या बाबतीतही तेच उत्तर दिले. ग्रंथ छापला गेला, शाळांतून पाठ झाला आणि आज पुण्यात गणेशोत्सवात ऋषिपंचमीच्या पहाटे हजारो स्त्रिया तो एकत्र म्हणतात. वेदपठणाचा अधिकार ज्यांस शतकानुशतके नाकारला गेला त्यांच्या कंठातून आज तो अधिकाधिक ऐकू येतो. ध्वनिशास्त्राच्या दृष्टीने यात आश्चर्य नाही : कंठाची रचना जात पाहत नाही आणि नाद कोणाच्याही कंठात त्याच रीतीने उत्पन्न होतो.

९. निष्कर्ष

वरील विवेचनाचा सारांश असा. गणपत्यथर्वशीर्ष हा प्राचीन नावाचा उत्तरकालीन ग्रंथ आहे. अनुस्वार, अर्धेंदू आणि मूलाधार हे तीन शब्द त्याची साक्ष देतात. त्याची वर्णनाची चौकट तैत्तिरीय शिक्षेची, म्हणून फार जुनी आहे. आणि ‘गं’ या अक्षरात नाद हे संधान आहे हे त्याचे विधान, ग्रंथ कोणत्याही शतकातील असो, कंठावर बोट ठेवून आजही पडताळता येते.

या तीन उत्तरांची गल्लत केली तर प्रत्येकाचे नुकसान होते. ग्रंथास खोटी प्राचीनता चिकटविली की त्यातील खऱ्या प्राचीन अंशाकडे कोणी पाहत नाही. त्यास आधुनिक विज्ञानाचे उसने कपडे घातले की ज्यांनी यंत्राविना, केवळ कानाने आणि कंठाने, घोष आणि अघोष यांचा भेद ओळखला त्या पूर्वसूरींचे श्रेय झाकले जाते. जुन्नर-आंबेगावच्या परिसरात भाषेच्या विद्यार्थ्यास करण्याजोगे काम पुष्कळ आहे. वेगवेगळ्या वयांच्या आणि जातींच्या पाठकांचा अनुस्वार ध्वनिमुद्रित करून त्याचे स्थान निश्चित करणे, हे त्यांपैकी एक. पोथीतील टिंबाचे काय होते, हे अखेर माणसांच्या मुखातूनच कळावयाचे आहे.